श्रेयनामावलीतील कोरी ओळ

ऑस्कर सोहळ्याची वर्णने वाचक दरवर्षी वाचतातच. तेव्हा विजेत्यांची नामावळी पुन्हा न देता, ज्याला एक ऑस्कर हयातीत आणि दुसरे मृत्यूनंतर सात वर्षांनी मिळाले, त्या मायकेल विल्सन या पटकथाकाराची हकिकत सांगणे मला अधिक अगत्याचे वाटते.

१९१४ साली ओक्लाहोमात जन्मलेल्या विल्सनला ‘अ प्लेस इन द सन’साठी १९५२ मध्ये पारितोषिक मिळाले खरे; परंतु त्याआधीच कम्युनिस्ट पक्षाशी असलेल्या संबंधांविषयी अमेरिकी काँग्रेसच्या समितीपुढे जबानी देण्याचे त्याने नाकारले होते, आणि त्या नकारासरशी स्टुडिओंचे दरवाजे त्याला बंद झाले होते.

याच काळात न्यू मेक्सिकोतील जस्ताच्या खाणीत मेक्सिकन वंशाच्या कामगारांचा संप चालू होता, आणि न्यायालयाच्या मनाई हुकुमाने पुरुषांना फाटकावर उभे राहण्यास मज्जाव होताच त्यांच्या बायकांनी ती जागा घेतली होती. विल्सन तेथे गेला, त्यांच्यात वावरला आणि लिहिलेला मसुदा त्याने त्यांनाच वाचून दाखवला. नायक अखेरच्या पगारातून दारूची बाटली विकत घेतो, परस्त्रीच्या मोहात पडतो, हे प्रसंग त्यांना रुचले नाहीत. आपल्या लोकांविषयीच्या जुन्याच दुष्ट समजुतींना अशा प्रसंगांनी खतपाणी मिळेल, ही त्यांची तक्रार विल्सनने मान्य केली आणि ते प्रसंग गाळले. लेखकाच्या नम्रतेचा याहून उज्ज्वल दाखला मला ठाऊक नाही. त्या मसुद्यातून निर्माण झालेला ‘सॉल्ट ऑफ द अर्थ’ १९५४ मध्ये जेमतेम डझनभर चित्रगृहांत लागू शकला.

पुढे विल्सनने पटकथा लिहिलेल्या चित्रपटांपैकी ‘फ्रेंडली पर्स्युएशन’ १९५६ मध्ये पटकथाकाराच्या नावाविनाच पडद्यावर आला, ‘द ब्रिज ऑन द रिव्हर क्वाय’चे ऑस्कर, ज्याने ती पटकथा लिहिलीच नव्हती, त्या फ्रेंच कादंबरीकार पिएर बूलच्या नावे जाहीर झाले, आणि ‘लॉरेन्स ऑफ अरेबिया’चे श्रेय एकट्या रॉबर्ट बोल्टला मिळाले. १९७८ मध्ये विल्सन निवर्तला. ‘क्वाय’चे पारितोषिक १९८५ मध्ये त्याच्या व सहलेखक कार्ल फोरमनच्या विधवांच्या हाती देण्यात आले.

श्रेय ही लेखकाची मजुरी आहे, आणि मेलेल्या माणसाला चुकती केलेली मजुरी त्याच्या पोटात जात नाही. खाणकामगारांचा आक्षेप मानून विल्सनने आपली पाने खोडली; ‘फ्रेंडली पर्स्युएशन’वरील त्याच्या नावाची एक ओळ भरून देण्यास त्याच्या व्यवसायाला मात्र चाळीस वर्षे लागली.