माफीचे शपथपत्र

सरकारी माफीचा एक ठरलेला नमुना असतो. टंकलेला कागद, सही, शिक्का आणि ‘बिनशर्त’ हा शब्द. खरे तर न्यायालय अवमान कायदा, १९७१ चे कलम १२ सांगते की माफी प्रामाणिक असेल, तर केवळ ती सशर्त आहे म्हणून फेटाळू नये. पण ‘बिनशर्त’ लिहिल्याशिवाय कार्यालयांना चैन पडत नाही.

आम्हा नागपूरकरांनी असा कागद एप्रिल २०२५ मध्ये पाहिला. १७ मार्चला महाल भागात हिंसाचार झाला. २४ मार्चला महानगरपालिकेने अटकेत असलेल्या एका आरोपीचे यशोधरानगर भागातील दुमजली घर पाडले. त्याच्या आईने उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाकडे धाव घेतली. स्थगिती मिळाली, पण तोवर घर जमीनदोस्त झाले होते. महालमधील दुसऱ्या एका घराचे पाडकाम मात्र मध्येच थांबले.

मग आयुक्तांनी शपथपत्रावर बिनशर्त माफी मागितली आणि सोबत कारणही जोडले: सर्वोच्च न्यायालयाच्या निर्देशांची अधिकाऱ्यांना माहिती नव्हती, कारण राज्य शासनाचे परिपत्रक आले नव्हते.

ते निर्देश १३ नोव्हेंबर २०२४ चे. देशभरच्या वर्तमानपत्रांत छापून आलेले. निकाल लिहिणारे न्यायमूर्ती भूषण गवई अमरावतीचे, नागपूर खंडपीठात वकिली केलेले, आणि एके काळी याच नागपूर महानगरपालिकेचे वकील! राज्यांनी परिपत्रक काढून स्थानिक संस्थांना कळवावे, हेही त्याच निकालात होते. म्हणजे परिपत्रक काढण्याचा आदेश निघाला, परिपत्रक पोहोचले नाही, म्हणून आदेश कळला नाही, आणि बुलडोझर तेवढा वेळेवर पोहोचला.

घरपट्टी थकली तर आपल्याला शास्ती लागते. तिथे ‘माहीत नव्हते’ म्हणून पाहा बरे. आमच्या वर्गातले पोर गृहपाठाबाबत असे म्हणाले, तर आम्ही त्याला बाकावर उभे करू.

इमाम नववी यांनी तौबाच्या अटी सांगितल्या आहेत. गुनाह सोडणे, त्याबद्दल पस्तावा, पुन्हा न करण्याचा निश्चय. आणि मामला बंद्याच्या हक्काचा असेल तर चौथी अट, ज्याचा हक्क त्याला परत करणे. शपथपत्र मात्र न्यायालयाला उद्देशून असते. ज्या बाईच्या डोक्यावरचे छत गेले, तिच्या दारी जाऊन चार शब्द बोलावेत असा रकाना कोणत्याच नमुन्यात नाही. (दार तरी कुठे उरले होते म्हणा.)

चौथ्या अटीच्या जवळ जाणारी गोष्ट त्या निकालातच आहे. निर्देश मोडून घर पाडले, तर ते उभारून देण्याचा खर्च जबाबदार अधिकाऱ्याच्या खिशातून, नुकसानभरपाई वेगळी.

वाचकांनी बाकीचेही लक्षात ठेवावे. नोटीस नोंदणीकृत टपालाने यायला हवी आणि घरावरही चिकटवायला हवी. पंधरा दिवसांची मुदत, मग प्रत्यक्ष सुनावणी. पाडण्याचा आदेश निघाला तरी आणखी पंधरा दिवस, आणि पाडकामाचे चित्रीकरण. सार्वजनिक रस्त्यावरील किंवा नदीपात्रातील अनधिकृत बांधकामांना हे लागू नाही. नोटीस आलीच तर पाकीट फेकू नका. टपालाच्या शिक्क्यावरची तारीख वकिलाला लागते.