वाकेन, पण मोडणार नाही

मांजरसुंब्याहून केजकडे जाणाऱ्या रस्त्यावर नेकनूर लागते. बीड तालुक्यातील हे बाजाराचे मोठे गाव. येथील आठवडी बाजार जनावरांच्या खरेदी-विक्रीसाठी पंचक्रोशीत ओळखला जातो. जनावरांच्या बाजाराच्या कडेने अवजारे, दोरखंड आणि संसाराची भांडी मांडलेली असावीत, ही मराठवाड्यातील कोणत्याही आठवडी बाजाराची रीत. अशा बाजारात तवा घ्यायला आलेल्या गृहिणीपुढे दोन प्रकारचा माल असतो. एक तवा बिडाचा, दुसरा लोखंडी पत्र्याचा. बिडाच्या तव्यावर धिरडे सुरेख सुटते, आच सर्वत्र सारखी लागते. मात्र तो हातातून फरशीवर निसटला, तर त्याचे दोन तुकडे होण्याचे भय असते. पत्र्याचा तवा पडला तर फार तर त्याची कड वाकते आणि हातोडीच्या दोन ठोक्यांत ती पुन्हा सरळ होते. (बीड म्हणजे ओतीव लोखंड. जिल्ह्याचे नाव आणि या धातूचे नाव उच्चाराने एक आहे, एवढेच.) दोन्ही तवे मूळ लोखंडाचेच. मग एक तडकतो आणि दुसरा वाकून निभावतो, हे कसे?

‘मोडेन, पण वाकणार नाही’ या बाण्याचे मराठी मनाला मोठे कौतुक आहे. माणसाच्या तत्त्वनिष्ठेला तो शोभतोही. धातूंच्या जगात मात्र नेमका उलटा गुण मोलाचा ठरतो. ताण आला असता न तुटता लांबत जाण्याच्या धातूच्या गुणास शास्त्रात तन्यता म्हणतात, आणि ठोकले असता न फुटता पसरत जाण्याच्या गुणास वर्धनीयता. तार निघते ती तन्यतेमुळे, पत्रा होतो तो वर्धनीयतेमुळे. शालेय पुस्तकात या दोन शब्दांवर एक-दोन गुणांचा प्रश्न येतो आणि पुढे आयुष्यभर कोणी त्यांची आठवण काढत नाही. वास्तविक सराफाची पेढी, साडीचे दुकान आणि लोखंडाचे गोदाम, ही तिन्ही या दोन शब्दांवर उभी आहेत.

सोने हे तन्यतेचे शिखर. एक ग्रॅम सोन्यापासून सुमारे दोन किलोमीटर लांबीची तार ओढता येते. सोनाराजवळ तार काढण्याचे जंतर असते: पोलादाची पट्टी आणि तीत एकापेक्षा एक बारीक होत जाणारी छिद्रे. तारेचे टोक कानशीने निमुळते करून मोठ्या छिद्रातून ओवायचे, पकडीने ओढायचे, मग त्याहून लहान छिद्र, मग त्याहूनही लहान. दर खेपेस तार बारीक होते आणि तेवढीच लांब होते. वजनात फरक पडत नाही. गोदावरीपलीकडच्या पैठणला ज्या पैठणीने नाव मिळवून दिले, तिच्या पदराची जर याच रीतीने जन्मास येते. चांदीची तार केसासारखी बारीक ओढली जाते, दाबून चपटी केली जाते आणि रेशमी धाग्यावर गुंडाळली जाते. सोन्याचा मुलामा चढवलेली चांदी ओढली, तर मुलामाही चांदीबरोबर लांबत जातो, सुटत नाही.

हे घडते कसे? धातूतील अणू एकमेकांना जोडीजोडीने बांधलेले नसतात. ते थरांवर थर असे शिस्तीने रचलेले असतात आणि त्यांचे मोकळे इलेक्ट्रॉन साऱ्या समुदायाला सामाईकपणे धरून ठेवतात. त्यामुळे एक थर दुसऱ्यावरून सरकला, तरी नाते तुटत नाही. नवा शेजारी मिळतो आणि बांधणी कायम राहते. मिठाच्या खड्यात असे होत नाही. तेथे धन आणि ऋण भारांचे कण आळीपाळीने बसलेले असतात. थर जरा सरकला की समान भार समोरासमोर येतात, एकमेकांना दूर लोटतात आणि खडा फुटतो.

परंतु संपूर्ण थर एकदम सरकवायचा, तर प्रत्यक्षात लागते त्याहून कितीतरी पट अधिक बळ लागायला हवे, असे गणित सांगत होते. हे कोडे १९३४ साली टेलर, ओरोवान आणि पोलानी या तिघा शास्त्रज्ञांनी स्वतंत्रपणे उलगडले. पेढीवर अंथरलेली लांबलचक सतरंजी एका टोकाला धरून ओढू लागले तर ती हलत नाही. पण तिच्या एका टोकाला सुरकुती पाडून ती पुढे पुढे ढकलत नेली, तर सारी सतरंजी बोटभर सरकते आणि श्रमही पडत नाहीत. अणूंच्या रचनेतही अशा सुरकुत्या, म्हणजे रचनेतील चुका असतात. धातू वाकतो तेव्हा त्या चुका आतून प्रवास करतात. निर्दोष रचना असती, तर तार ओढणे जवळजवळ अशक्य झाले असते!

या सुरकुत्या वाढत गेल्या, एकमेकींत गुंतल्या, की पुढे सरकायला वाट उरत नाही. धातू ताठर होतो. लोखंडी तार एकाच जागी वारंवार इकडून तिकडे वाकवली की ती तेथे तुटते, हा अनुभव सर्वांचा आहे. म्हणून सोनार जंतरातून काही वेळा ओढलेली तार पुढे तशीच दामटीत नाही. ती भट्टीवर तापवून मऊ करतो. उष्णतेने अणू पुन्हा शिस्तीने बसतात, गुंता सुटतो आणि तारेला आणखी ताणण्याची ताकद येते. तापवणे चुकवून घाई करणारा कारागीर तुटक्या तारेचा ढीग जमवतो.

वर्धनीयतेचे टोक म्हणजे चांदीचा वर्ख. जैन कुटुंबांना तो दोन ठिकाणी भेटतो: मिठाईवर आणि मूर्तिपूजक मंदिरांतील आंगीत. खाण्याच्या वर्खाचे वजन चौरस मीटरला २.८ ग्रॅमपर्यंत असावे, असे भारतीय मानक आहे. चांदीच्या घनतेवरून हिशेब केला, तर अशा वर्खाची जाडी मिलिमीटरच्या साधारण पावणेचार हजाराव्या भागाइतकी भरते. तोळाभर चांदीत चार चौरस मीटरहून अधिक जागा झाकता येते. इतका पातळ पापुद्रा उघड्या ऐरणीवर ठोकून होत नाही. चांदीचे तुकडे पानापानांत घालून, त्या पानांचे पुस्तक बांधून, तासन्‌तास हातोडी मारावी लागते. परंपरेने ही पाने गाय-बैलांच्या आतड्याच्या त्वचेची केली जात. कारण ती त्वचा स्वतः चिवट, मार सोसणारी आणि चांदीला न चिकटणारी. अहिंसेचे व्रत पाळणाऱ्या घरांत आणि देवासमोर जो पदार्थ शुद्ध म्हणून ठेवला जाई, त्याच्या निर्मितीत हे होते, हे कळल्यावर समाजात मोठी अस्वस्थता पसरली. २०१६ साली केंद्रीय अन्न सुरक्षा प्राधिकरणाच्या अधिसूचनेने वर्खाच्या निर्मितीत कोणत्याही टप्प्यावर प्राणिजन्य पदार्थ वापरण्यास मनाई केली. यंत्राने, प्राणिजन्य पानांशिवाय वर्ख करता येतो. चांदीला लागते ती केवळ गुळगुळीत, न फाटणारी बैठक. ती कशाची असावी, याविषयी चांदीचा स्वतःचा आग्रह नाही. ग्राहकाने मात्र विचारल्यावाचून घेऊ नये. चकाकीवरून एक वर्ख दुसऱ्यापासून ओळखता येत नाही.

आता तव्याच्या प्रश्नाकडे परतता येईल. लोखंडात कार्बन मिसळला की अणूंच्या थरांना सरकताना अडथळा होतो. अडथळा थोडा असेल तर पोलाद बनते: मजबूत, तरीही वाकणारे. बिडात कार्बन दोन टक्क्यांहून अधिक असतो. त्यातील बराचसा साध्या, राखाडी बिडात काजळीसारख्या पातळ पापुद्र्यांच्या रूपाने धातूच्या अंगात पसरलेला असतो आणि ताण आला की प्रत्येक पापुद्रा चिरेचे तोंड बनतो. बीड दाब भरपूर सोसते, ताण सोसत नाही. बीड जिल्ह्यातील हजारो ऊसतोड कुटुंबे दरवर्षी जो कोयता घेऊन कारखान्यांकडे निघतात, त्यात लोहाराला हाच तोल सांभाळावा लागतो. तापल्या पात्याला पाणी दिले की धार कठीण होते. पाणी जास्त झाले तर धारेचे दाते उडतात, कमी झाले तर दिवसभरात धार मुडपते. जेथे नवरा-बायकोच्या जोडीलाच ‘एक कोयता’ म्हणून मोजतात, तेथे पात्याचा हा तोल म्हणजे हंगामाची मजुरी असते.

तवा तुटला तर दुसरा येतो. घराचे तसे नाही.

३० सप्टेंबर १९९३ रोजी, अनंत चतुर्दशीच्या रात्रीनंतरच्या पहाटे चारच्या सुमारास, शेजारच्या लातूर व तेव्हाच्या उस्मानाबाद जिल्ह्यांत किल्लारी आणि सास्तूरच्या परिसरात भूकंप झाला. सुमारे दहा हजार माणसे गेली. भूकंपाची तीव्रता जगाच्या मानाने फार मोठी नव्हती. प्राण घेतले ते मुख्यतः घरांनी. दगड-मातीच्या जाड भिंती आणि वर मातीचे जड माळवद, अशी ती घरे. उन्हाळ्यात गार, दिसायला भक्कम. पण त्या भिंतींत लांबणारे असे काहीच नव्हते. हादरा आडवा आला, दगड दगडापासून सुटला आणि माळवद झोपलेल्या माणसांवर आले. मोडणारी वस्तू पूर्वसूचना देत नाही. वाकणारी वस्तू आधी वाकून दाखवते.

त्यानंतर मराठवाड्यात सिमेंट-काँक्रीटच्या घरांकडे ओढा वाढला आणि सळई ही घराघराची वस्तू झाली. काँक्रीटचा स्वभाव बिडासारखा आहे: दाबात बळकट, ताणात दुबळे. त्याच्या पोटातील सळई ताण घेते. मोठ्या हादऱ्यात खांब-तुळयांनी थोडे झुकावे, भेगा पडाव्यात, पण कोसळू नये, हे साधते ते सळईच्या लांबण्यावर. हादऱ्याचे बळ सळई वाकताना खर्ची पडते आणि तेवढ्या अवधीत माणसे बाहेर निघतात.

येथेच व्यापाऱ्याची आणि ग्राहकाची एक जुनी समजूत आड येते. ‘माल कडक पाहिजे’, असे घर बांधणारा म्हणतो आणि दुकानदारही अंक जितका मोठा तितका माल उत्तम, असे सांगून मोकळा होतो. सळईच्या भारतीय मानकात, म्हणजे आयएस १७८६ मध्ये, ४१५, ५०० हे आकडे सळई किती ताणापर्यंत कायमची वाकत नाही, ते दाखवतात. तुटण्यापूर्वी ती किती लांबेल, हे त्या आकड्यात नाही. २० मिलिमीटर व्यासाच्या सळईवर १०० मिलिमीटरची खूण करून ती तुटेपर्यंत ओढली, तर ४१५ प्रतीत ती खूण किमान ११४.५ पर्यंत लांबली पाहिजे. ५०० प्रतीत ११२ पुरतात. अंक वाढला, लांबणे घटले. म्हणूनच मानकात ५०० डी अशी स्वतंत्र प्रत आहे. तीत ताकद ५०० चीच, पण लांबणे ११६ पर्यंत हवे. ‘डी’ हे अक्षर तन्यतेचे आहे. ती मिळवण्यासाठी कार्बन, गंधक आणि फॉस्फरस यांचे प्रमाण अधिक काटेकोरपणे खाली ठेवावे लागते. फॉस्फरस वाढला की सळई थंड अवस्थेत ठिसूळ होते आणि हे नुसत्या डोळ्यांना दिसत नाही.

मराठवाड्यातील बांधकामांना लागणारी पुष्कळशी सळई जालन्याहून येते. तेथील कारखान्यांत मोडीचे लोखंड वितळवून सळया लाटल्या जातात. लाल तापलेली सळई लाटणयंत्रातून बाहेर पडताच तिच्यावर पाण्याचे जोरदार फवारे मारतात. साल क्षणात कठीण होते, गाभा आत तप्तच राहतो आणि मग गाभ्याची ऊब बाहेर येऊन सालीचा ताठरपणा थोडा उतरवते. कठीण साल, मऊ गाभा. लोहाराच्या पाण्याचाच हा मोठा भाऊ. मोडीतून केलेली सळई वाईट असते, असे नाही. वितळलेल्या धातूची तपासणी झाली की नाही, हा प्रश्न आहे. ती झाल्याचा कागद कारखाना देतो आणि तो मागण्याचा ग्राहकाला हक्क आहे. सळईच्या वजनाचे सूत्र, व्यासाचा वर्ग भागिले १६२, प्रत्येक लोखंड व्यापाऱ्याला तोंडपाठ असते. बारा मिलिमीटरची बारा मीटर सळई साडेदहा किलोच्या वर भरते, हे तो झोपेतही सांगेल. त्याच सहजतेने लांबण्याचा आकडा त्याच्या जिभेवर असता, तर पुष्कळ घरांचे भले झाले असते.

चांगली सळईही हाताळण्यात बिघडते. ट्रकवर मावावी म्हणून ती मधोमध घडी घालून आणतात आणि बांधकामावर ठोकून सरळ करतात. सोनाराच्या तारेला भट्टी मिळते. या सळईला मिळत नाही. घडीच्या जागी तन्यता आधीच खर्ची पडलेली असते आणि तो भाग नेमका खांब-तुळईच्या जोडावर आला तर धोका वाढतो. तसेच खांबाभोवतीच्या रिंगांचे. रिंगेची टोके काटकोनात वाकवून सोडण्याची सवय सर्वत्र आहे. भूकंपरोधक बांधकामाचे मानक, आयएस १३९२०, मात्र टोके १३५ अंशांत आत वळवावीत आणि पुढे सळईच्या व्यासाच्या किमान सहापट लांब ठेवावीत, असे सांगते. काटकोनातले टोक वरचे काँक्रीट निखळले की उघडते आणि रिंग खांबाला धरून ठेवत नाही. या जादा वळणाला मजुरी जवळजवळ लागत नाही. लागते ती देखरेख.

प्रयोगशाळेत सळईच्या दोन परीक्षा होतात. पहिलीत ती ठरलेल्या जाडीच्या दांड्याभोवती १८० अंश वाकवतात. बारा मिलिमीटरच्या ५०० प्रतीला हा दांडा ४८ मिलिमीटरचा असतो. ५०० डी ला ३६ चाच, म्हणजे वळण अधिक कठोर. दुसरी परीक्षा त्याहून बोलकी आहे. सळई १३५ अंशांच्या कोनात वाकवतात आणि अर्धा तास उकळत्या पाण्यात ठेवतात. वाकलेल्या पोलादात काळानुसार येणारा ताठरपणा या अर्ध्या तासात आणला जातो. मग थंड करून तिला उलट दिशेने, १५७.५ अंशांपर्यंत उघडतात आणि वळणाच्या जागी चीर दिसते का, ते पाहतात.