कमान आली, ब्रेक मारा?

मुंबईहून पुण्याकडे येताना द्रुतगती महामार्गावर कॅमेऱ्यांची कमान लांबून दिसली की एक खेळ सुरू होतो. उजव्या लेनमधून सव्वाशेनं आलेली गाडी कमानीच्या थोडं अलीकडे कचकन ब्रेक मारते. मागच्या गाडीचे लाल दिवे पेटतात, तिच्या मागच्या गाडीचेही. कमानीखालून सगळे गुरुजींसमोरून जाणाऱ्या पोरांसारखे मुकाट्यानं जातात. पलीकडे गेलं की पुन्हा सुसाट. मीही हेच करत होतो. मग एका शनिवारी सकाळी, चहाचा कप हातात असताना, दोन हजारांच्या दंडाचा मेसेज आला. कुठे चुकलो ते आठवेना. तेव्हा कुठे नियम वाचायला बसलो आणि कळलं, की गाडी चालवण्याबद्दल जेवढं ठाऊक आहे त्याहून कॅमेऱ्याबद्दलच्या ऐकीव गोष्टीच माझ्याकडे जास्त साठल्या होत्या.

‘कमानीपुरती गाडी हळू केली की झालं’

सगळ्यात पक्का बसलेला गैरसमज हाच. एका ठिकाणचा वेग मोजणारे कॅमेरे आहेतच. त्यातलं रडार गाडीवर लहरी सोडतं, परत येणाऱ्या लहरींची वारंवारता गाडीच्या वेगाप्रमाणे बदललेली असते आणि त्या फरकावरून वेग निघतो. पोलिसांच्या इंटरसेप्टर गाडीतली लेझर स्पीड गन प्रकाशाचे ठोके पाठवून दर ठोक्याला गाडी किती जवळ आली ते मोजते. अशा यंत्रापुढे तेवढ्यापुरता ब्रेक चालून जाईल, तोही वेळेत मारला तर.

पण जुलै 2024 पासून मुंबई-पुणे द्रुतगती महामार्गावर जी वाहतूक व्यवस्थापन यंत्रणा, म्हणजे सगळ्यांच्या तोंडी असलेली ‘आयटीएमएस’, सुरू झाली ती सरासरी वेगही काढते. यात रडारचा संबंध नाही. पहिल्या कमानीवरचा कॅमेरा नंबरप्लेट वाचून वेळ टिपतो, पुढच्या कमानीवरचा तीच प्लेट पुन्हा वाचतो. मधलं अंतर ठरलेलं. उरतो तो चौथीतला काळ-काम-वेगाचा भागाकार. समजा, दोन कमानींमध्ये वीस किलोमीटर आहेत. ताशी 100 नं हे अंतर कापायला बारा मिनिटं लागतात. तुम्ही दहाव्या मिनिटाला पोहोचलात तर सरासरी 120 झाली, मग कमानीखालून बैलगाडीच्या चालीनं गेलात तरी. शिवाय भरधाव रांगेत अचानक मारलेला ब्रेक मागच्याला महागात पडू शकतो, ते वेगळंच.

जाता जाता एक मजा. वेग टिपणाऱ्या कॅमेऱ्याचा जनक मॉस गॅट्सोनिडेस हा नेदरलँड्सचा रॅली ड्रायव्हर. 1953 ची माँटे कार्लो रॅली त्यानं जिंकली होती. वळणावर आपला वेग नेमका किती पडतो हे कळावं आणि गाडी आणखी पळवता यावी, म्हणून त्यानं हे यंत्र बनवलं. पुढे ते जगभरच्या पोलिसांनी उचललं.

‘एक्सप्रेसवे आहे, 120 चालतं’

हा गैरसमज समृद्धी महामार्गानं वाढवला. तिथे मोटारींना 120 ची मुभा आहे. त्यात 2018 मध्ये केंद्रानं द्रुतगती मार्गांसाठी 120 चा आकडा जाहीर केल्याची बातमी अनेकांच्या डोक्यात बसली. पण तो आकडा कमाल होता. त्या मर्यादेच्या आत, एखाद्या रस्त्यावर किंवा त्याच्या तुकड्यावर वेग कमी ठेवण्याचा अधिकार मोटार वाहन कायद्याच्या कलम 112 नुसार राज्याकडे असतो. त्यामुळे मुंबई-पुणे मार्गावर मोटारीला सपाटीवर 100 आणि बोरघाटात 60. मुंबईच्या वांद्रे-वरळी सागरी सेतूवर 80. किनारी रस्त्यावर सरळ भागात 80, बोगद्यात 60. रस्ता तोच असला तरी मर्यादा तुकड्या-तुकड्यानं बदलते आणि कॅमेरा त्या तुकड्याची मर्यादा बघतो.

घाटातले 60 अनेकांना जाचक वाटतात. ‘तीन-तीन लेन आहेत, गाडी नवी आहे, 60 कसले?’ पण घाटात तुमच्या शेजारी माल भरलेला ट्रक चढावर रांगत असतो, किंवा उतारावर गिअर लावून जीव मुठीत धरून उतरत असतो. डिझेल वाचवायला ट्रक न्यूट्रलवर सोडणारेही त्याच उतारावर भेटतात. त्यांचे ब्रेक तापून निकामी झाल्याच्या बातम्या आपण नेहमी वाचतो. अशा वेळी 90 नं येणारी मोटार आणि 30 नं चाललेला ट्रक यांच्यातला फरकच जीव घेतो. आणि वेग 100 चा 120 केला तर गाडीतली गतिज ऊर्जा वीस नव्हे, चव्वेचाळीस टक्क्यांनी वाढते, कारण ती वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात असते. केंद्रीय रस्ते वाहतूक मंत्रालयाच्या 2022 च्या अहवालात देशातल्या रस्त्यांवरचे 1,68,491 मृत्यू नोंदले आहेत. त्यातले 71 टक्क्यांहून जास्त अतिवेगाच्या खात्यावर आहेत.

तरीही चालकांची एक तक्रार मला रास्त वाटते. 100 चे 60 होतात त्या ठिकाणी पाटी ट्रकच्या पाठीआड गेली तर नव्या माणसाला कळणार कसं? केंद्रीय मोटार वाहन नियमांत ऑगस्ट 2021 मध्ये नियम 167-अ घातला गेला. कॅमेऱ्याची नजर असलेल्या रस्त्याच्या टप्प्याआधी ठळक इशाराफलक हवा, असं तो नियमच सांगतो. यंत्राला राज्यानं नेमलेल्या प्राधिकाऱ्याचं मंजुरी प्रमाणपत्र हवं, आणि ते दर वर्षी नव्यानं घ्यायला हवं. म्हणजे नियम दोन्ही बाजूंना बांधतात. मोठ्यानं बोलले जातात ते फक्त आपल्या बाजूचे.

‘माझ्या मीटरवर 98 होते!’

असतील, पण याचा फायदा तुम्हाला नाही. वाहनाचा स्पीडोमीटर खऱ्या वेगापेक्षा कमी दाखवू शकत नाही, असा तो बनवण्याचाच नियम आहे. थोडा जास्त दाखवला तर चालतो. म्हणून गाडीतला काटा 100 वर असताना मोबाइलच्या नकाशावर 95 च्या आसपास दिसतात. तेव्हा मीटरवर 98 असताना कॅमेऱ्यात 108 आले, तर आधी चाकांकडे बघा. हौसेनं मोठ्या आकाराचे टायर बसवले असतील तर चाकाच्या एका फेऱ्यात गाडी जास्त अंतर जाते, मीटरला त्याचा पत्ता नसतो आणि तो कमी दाखवू लागतो. चाकं कंपनीचीच असतील तर मात्र हा फरक तक्रारीत मांडण्यासारखा आहे.

रात्री फ्लॅश पडला नाही म्हणजे फोटो निघाला नाही, हेही खरं नाही. इन्फ्रारेड प्रकाश आपल्या डोळ्याला दिसत नाही, कॅमेऱ्याला दिसतो. आरशाला टांगलेल्या जुन्या सीडीनं रडार चकतं, ही तर निव्वळ लोककथा. 4141 चं ‘दादा’ करून लावलेली प्लेट मात्र यंत्राला खरंच अडखळवते. पण तशी प्लेट हा स्वतंत्र गुन्हा आहे. अशा गाडीला चौकातले मामा अडवतात, त्यांना ‘दादा’ वाचता येतं.

‘गाडी विकली, आता माझा काय संबंध?’

खरी डोकेदुखी इथे आहे. मामांनी अडवलं की समोर चालक असतो. कॅमेऱ्यासमोर फक्त नंबर असतो. नोटीस जाते ती आरटीओच्या दफ्तरी ज्याचं नाव आहे त्याला. गाडी भाच्यानं चालवली, ड्रायव्हरनं चालवली, की दोन वर्षांपूर्वी विकलेल्या गाडीच्या नव्या मालकानं, हे यंत्राला कळण्याचा मार्ग नाही. आपल्याकडे गाडी विकताना फॉर्म 29 आणि 30 वर सह्या करून एजंटच्या हातात दिल्या की व्यवहार संपला असं समजतात. पुढचं तो बघतो. बघतो का? कायद्यानं राज्याअंतर्गत विक्रीची माहिती विकणाऱ्यानं 14 दिवसांत आरटीओला द्यायची असते, घेणाऱ्यानं 30 दिवसांत. दफ्तरी ज्याचं नाव तोच मालक, हे सर्वोच्च न्यायालयानं 2018 मध्ये अपघाताच्या भरपाईच्या एका खटल्यात स्पष्ट केलं आहे. तिथे गाडी एकाकडून दुसऱ्याकडे विकली जात गेली होती आणि जबाबदारी आली ती कागदावरच्या मालकावर. त्यापुढे दोन हजारांचं चलान म्हणजे किरकोळ.

तेव्हा चालवणारा दुसरा होता तर ते तोंडी सांगून भागत नाही. कोण चालवत होतं याची माहिती मागितल्यावर देणं हे कलम 133 प्रमाणे मालकाचं कामच आहे.

याला जोडूनच दुसरा गैरसमज: ‘मेसेज आला नाही, म्हणजे चलान नाही.’ नियम 167-अ प्रमाणे नोटीस पंधरा दिवसांत पाठवायची आहे. ती उशिरा निघाली तर तो मुद्दा तक्रारीत जरूर मांडावा. पण बहुतेक वेळा मेसेज निघालेला असतो आणि तो जातो आरसीवर नोंदवलेल्या मोबाइलवर. तो नंबर कुणाचा? गाडी घेताना शोरूमच्या पोरानं टाकलेला, किंवा कधीच बंद झालेला. चलान तसंच राहतं. मग गाडी विकायला किंवा आरटीओच्या दुसऱ्या एखाद्या कामाला गेलं की जुनी यादी समोर येते.

चलान आलं की पैसे भरण्याआधी महाराष्ट्र वाहतूक पोलिसांच्या ई-चलान संकेतस्थळावर ते उघडून पाहा. गाडीचा नंबर आणि चासी किंवा इंजिन क्रमांकाचे शेवटचे चार आकडे टाकले की यादी येते. फोटोत गाडी आपलीच आहे का? आपली पांढरी हॅचबॅक आणि फोटोत काळी एसयूव्ही असेल, तर कुणीतरी तुमचा नंबर लावून फिरतंय. दंड भरून गप्प बसू नका, पोलिसांत जा. ठिकाण, वेळ, मोजलेला वेग, कलम हे सगळं नोटिशीत असायलाच हवं. पटत नसेल तर त्याच संकेतस्थळावर तक्रारीची सोय आहे, आणि शेवटी न्यायालय आहेच. ‘आधी भरून टाकू, मग बघू’ हा मात्र घात आहे. दंड भरणं म्हणजे कलम 200 प्रमाणे तडजोड. त्यानं प्रकरण मिटतं आणि भांडायला काही उरत नाही.

‘थांबा हो, लोकअदालतीत अर्धे माफ होतात’

ही आशा शेजारून आली आहे. तेलंगणानं 2022 मध्ये आणि कर्नाटकानं 2023 मध्ये थकलेल्या दंडावर मोठी सूट दिली. त्या बातम्या फिरत फिरत इकडे येईपर्यंत त्यातलं राज्याचं नाव गळून पडलं. त्या सवलती त्या-त्या राज्यांच्या होत्या. लोकअदालत म्हणजे तडजोडीची जागा. तिथे प्रकरण मिटू शकतं, रक्कम कमीही होऊ शकते, पण अर्ध्या दराची हमी कुणी दिलेली नाही. आणि वाट बघताना अतिवेगाचा दुसरा गुन्हा नोंदला गेला, तर कलम 183 मध्ये वाहन चालवण्याचा परवाना जप्त करण्याची तरतूद आहे.

बड्यांना चलान येत नाही, हेही तितकंसं खरं नाही. नितीन गडकरी केंद्रात रस्ते वाहतूक मंत्री असताना, 2019 मध्ये नवे दंड लागू झाले त्या दिवसांत, त्यांनीच सांगितलं होतं की सागरी सेतूवर वेग जास्त झाल्याचा दंड त्यांच्या नावावरच्या गाडीसाठीही भरावा लागला.

राहता राहिला हिशेब. घाट वगळून द्रुतगती महामार्गाचे सुमारे पंचाहत्तर किलोमीटर धरा. ताशी 100 नं पंचेचाळीस मिनिटं, 120 नं साडेसदतीस. वाचली साडेसात मिनिटं, आणि मोटारीचं चलान दोन हजारांचं. तेवढी मिनिटं तर वाटेत वडापावच्या रांगेत जातात.

आणि एक, अगदी महत्त्वाचं. व्हॉट्सॲपवर ‘तुमचं चलान आहे, ही फाइल उघडा’ म्हणून एपीके फाइल आली तर तिला हात लावू नका. ती उघडली की मोबाइल चोरट्याच्या ताब्यात जातो आणि बँकेचे ओटीपी त्याला दिसू लागतात. सरकार चलानासाठी अशी फाइल पाठवत नाही, आणि खऱ्या संकेतस्थळाचा पत्ता ‘जीओव्ही डॉट इन’वर संपतो. आज घरी गेलात की आरसी काढा आणि तिच्यावर नोंदवलेला मोबाइल नंबर तुमचाच आहे का, ते परिवहनच्या संकेतस्थळावर एकदा तपासून घ्या.