अंबाडी, भांग आणि हेम्पची गोळी

लातूर जिल्ह्यातील देवणी परिसरात ज्वारीच्या कण्या घालून शिजवलेली आणि वरून लसणाच्या फोडणीचे तेल ओतलेली अंबाडीची आंबट भाजी घरोघरी होते. याच झुडपाच्या वाखाची दावी आणि कासरे देवणी जातीच्या बैलांसाठी पिढ्यान्‌पिढ्या वळले गेले. इंग्रजीत अंबाडीला ‘डेक्कन हेम्प’ म्हणत असले, तरी ती जास्वंदीच्या कुळातली असून तिच्यात कैफाचा अंशही नाही. अमेरिकेत ‘हेम्पपासून बनवलेल्या’ म्हणून विकल्या गेलेल्या गमी, म्हणजे फळांच्या स्वादाच्या चिवट गोळ्या, ज्या हेम्पच्या असतात ते झाड मात्र भांगेचे होय.

या झाडाच्या पानांना भांग आणि मादी झाडाच्या फुलोऱ्याला गांजा म्हणतात. दोहोंतील कैफ मुख्यतः डेल्टा-९ टीएचसी या द्रव्याचा असतो, आणि ते इस्रायलमध्ये येहिएल गाओनी व राफाएल मेशुलाम यांनी १९६४ मध्ये शुद्ध स्वरूपात वेगळे केले. अमेरिकेच्या २०१८ च्या कृषी कायद्याने सुक्या वजनाच्या ०.३ टक्क्यांपर्यंत हे द्रव्य असलेले झाड ‘हेम्प’ ठरवून मोकळे केले, परंतु मोजले ते फक्त डेल्टा-९. त्यामुळे त्याच झाडात विपुल असलेल्या, कैफ न आणणाऱ्या सीबीडीवर आम्लाची प्रक्रिया करून डेल्टा-८ टीएचसी बनवण्याचा धंदा फोफावला. या रेणूतील एक दुहेरी बंध एक घर सरकलेला असतो, एवढाच फरक, आणि कैफ काहीसा सौम्य असला तरी त्याच जातीचा. तुळशीत भांग उगवल्याची तक्रार मराठीला जुनीच आहे. येथे भांगेलाच तुळशीचे नाव दिले गेले. नोव्हेंबर २०२५ मध्ये अमेरिकेने ही पळवाट बुजवणारी तरतूद संमत केली.

भारतात अशी पळवाट मुळातच नव्हती, कारण १९८५ च्या अमली पदार्थविरोधी कायद्याच्या परिशिष्टात टीएचसीची भावंडे, म्हणजे रेणूतील बंधाची जागा तेवढी बदललेली रूपे, नोंदलेली आहेत. फुलोऱ्याविना असलेली पाने त्या कायद्याच्या ‘गांजा’त येत नाहीत, म्हणून भांगेचा प्रश्न राज्यांकडे जातो आणि महाराष्ट्रात १९४९ च्या दारूबंदी कायद्यानुसार तिलाही परवाना लागतो.

खाण्यातून येणाऱ्या कैफाची रीत मात्र गमीची आणि महाशिवरात्रीच्या भांगेची सारखीच. धुराचा परिणाम काही मिनिटांत जाणवतो. पोटात गेलेले टीएचसी आधी यकृतात पोचते, तेथे त्याचे मेंदूत अधिक सहज शिरणारे रूप तयार होते, आणि या फेऱ्यात अर्ध्या तासापासून दोन तासांपर्यंत वेळ जातो. घोटलेल्या भांगेचा कडवट हिरवा वास निदान हात आखडता घ्यायला लावतो. गमीला तर संत्र्याची चव असते, त्यामुळे पाऊण तासात काहीच वाटले नाही म्हणून दुसरी तोंडात टाकली जाते, आणि पहिली चढू लागते तोवर दुसरी यकृताच्या वाटेवर असते.