पंधरियाची नऊ घरे

सातपुड्याच्या पायथ्याशी, केळीच्या बागांच्या मुलखात वसलेले फैजपूर बाहेरच्या मराठी माणसाला ठाऊक असते ते बहुधा डिसेंबर १९३६ च्या काँग्रेस अधिवेशनामुळे. खेड्यात भरलेले ते पहिले अधिवेशन. मला मात्र या गावाच्या नावाचेच अधिक कौतुक वाटते. ‘फैज’ हा अरबी-फारसीतला कृपेचा ओघ आणि ‘पूर’ हे संस्कृतातले नगर, असा सांधा ज्या मुलखात गावाच्या नावातच बेमालूम बसला, तेथे ताईत लिहिण्याची जुनी विद्या दोन्ही लिप्यांत एकाच वेळी नांदावी, यात नवल ते काय!

ही विद्या म्हणजे अंधारातला काही मंतरलेला गोंधळ, अशी समजूत असेल तर ती सोडून द्यावी. तिला कायदा आहे, आणि तो कुलकर्ण्याच्या दफ्तराइतका काटेकोर आहे. भूर्जपत्राचा तुकडा, अष्टगंधाची शाई आणि डाळिंबाच्या काडीची लेखणी एवढे साहित्य जमले की नऊ घरे आखावयाची. वरच्या ओळीत ८, १, ६. मधल्या ओळीत ३, ५, ७. खालच्या ओळीत ४, ९, २. आडवी, उभी, तिरपी, कशीही बेरीज केली तरी पंधराच. म्हणून हे पंधरिया यंत्र. मात्र घरे ओळीने भरली तर यंत्र फुकट जाते, असा दंडक आहे. एकापासून आरंभ करून अंकांच्या क्रमाने नवापर्यंत जावयाचे, त्यामुळे लिहिणाऱ्याचा हात कोष्टकभर उड्या मारीत फिरतो आणि पाहणाऱ्याला त्यात काहीच सुगावा लागत नाही. अशा कोष्टकांचे गणित नारायण पंडिताने १३५६ साली ‘गणितकौमुदी’त ‘भद्रगणित’ या नावाने सविस्तर मांडले. मांत्रिकाचे भांडवल गणकाच्या वहीतही होते.

आता हेच कोष्टक मुल्लाच्या हातात द्या. अबजद पद्धतीत प्रत्येक अक्षराला अंक असतो: अलिफ १, बे २, जीम ३, दाल ४, याप्रमाणे. यंत्राच्या चार कोपऱ्यांत २, ४, ६, ८ हेच अंक येतात. त्यांची अक्षरे बे, दाल, वाव, हे. ती जोडली की ‘बदूह’ हा शब्द तयार होतो. त्याला अर्थ नाही, आणि माझ्या मते तेच त्याचे सामर्थ्य. पत्र सुखरूप पोहोचावे म्हणून लखोट्यावर हा शब्द किंवा त्याचे अंक घालण्याची चाल इस्लामी जगात दूरवर पसरली होती. दख्खनच्या जाफर शरीफाने लिहिलेल्या आणि हर्क्लॉट्सने १८३२ साली इंग्रजीत आणलेल्या ‘कानून-ए-इस्लाम’ या ग्रंथात अशा ताविजांचे प्रकरण मोठ्या तपशिलाने दिलेले आहे. केशराने लिहिलेला कागद पाण्यात धुऊन ते पाणी रोग्याला पाजण्याचा प्रकारही याच विद्येतला.

मारवाडी पेढ्यांच्या पत्रांवर त्यांच्या राखणीसाठी दुसराच अंक असे: ७४॥, म्हणजे साडेचौऱ्याहत्तर. १५६८ साली चितोड पडले तेव्हा मेलेल्यांच्या जानव्यांचे वजन साडेचौऱ्याहत्तर मण भरले. परक्याचे पत्र फोडील त्याच्या माथी त्या हत्येचे पातक, अशी ही शपथ. राजस्थानचा इतिहास लिहिणाऱ्या टॉडने ती कथा नोंदवली आहे. रणांगणावरचा हिशोब इतका नेमका जमल्याचे मी अन्यत्र वाचलेले नाही, तेव्हा ती कथा म्हणूनच घेतलेली बरी. तथापि कुलूप नसलेल्या कागदाला पापभीरुतेचे कुलूप घालण्याची ही युक्ती मोठी अक्कलहुशारीची खरी.

अडाणी कुणब्याला मात्र खरी भीती वाटे ती निराळ्याच कागदाची. सावकाराच्या खतावरचा मजकूर त्याला ताविजाइतकाच अगम्य, पण त्याचा प्रभाव असा की पिढ्यान्‌पिढ्यांची जमीन त्याने जावी. १८७५ साली पुणे-नगरकडचे कुणबी उठले तेव्हा त्यांनी सावकारांच्या जिवापेक्षा त्यांच्या खतांवर हात टाकला आणि ती चव्हाट्यावर जाळली. कोणते अक्षर अधिक जालीम, हे त्यांना कोणा मांत्रिकाने शिकवावे लागले नाही.

माझ्या आजीच्या दंडाला तांब्याचा ताईत होता. तिच्या लहानपणी फैजपूरच्या बाजारात कोणीतरी लिहून दिलेला; जपून ठेवला होता, उघडण्याची मनाई होती. ती गेल्यावर एका दुपारी मी त्याचे लाखेने बुजविलेले तोंड मोकळे केले. आत करंगळीएवढी कागदाची सुरळी, घडीवर तपकिरी झालेली, आणि तीत नऊ घरे. मी सवयीने बेरीज केली. पहिली ओळ पंधरा, दुसरी पंधरा, तिसरी सोळा! लिहिणाऱ्याने शेवटच्या घरात २ च्या जागी ३ घातला होता, म्हणजे उजवीकडची उभी ओळ आणि एक तिरपी ओळही बिघडली होती. शास्त्राप्रमाणे ते यंत्र पहिल्या दिवसापासून बाद होते.

आजी ८७ वर्षे जगली. तो आकडा मी दुरुस्त केला नाही. सुरळी होती तशी आत घातली आणि तोंड लाखेने पुन्हा बुजविले.