कसणाऱ्याचे नाव कुठे आहे?

१ एप्रिल १९५७ हा दिवस तेव्हाच्या मुंबई राज्यात ‘कृषक दिन’ ठरला. १९४८च्या कुळकायद्यात १९५६ साली दुरुस्ती झाली होती. तिच्यामुळे जमीन कसणारे कूळ या दिवसापासून तिचे खरेदीदार मानले जाऊ लागले. त्यामागे मोठा झगडा होता. अलिबागजवळच्या चरी गावातल्या कुळांनी १९३३पासून सहा वर्षे नारायण नागू पाटील यांच्या नेतृत्वाखाली संप चालवला. शेती पडीक राहिली, उपासमार झाली, तरी ते खोतापुढे, म्हणजे गावच्या वतनदार जमीनदारापुढे, वाकले नाहीत. १९३७ साली बाबासाहेब आंबेडकरांनी खोती नष्ट करण्याचे विधेयक विधिमंडळात मांडले. पुढे कायदे झाले आणि कोकणात, पश्चिम महाराष्ट्रात असंख्य कुटुंबे मालक झाली.

पण त्याच १९५७ साली पुण्याच्या गोखले अर्थशास्त्र संस्थेतून वि. म. दांडेकर आणि जी. जे. खुदानपूर यांचा १९४८च्या कायद्याच्या अंमलबजावणीवरचा अभ्यास प्रसिद्ध झाला. कायदा कुळाला संरक्षण देत होता, तरी गावोगावची कुळे ‘स्वखुशीने’ जमीन सोडत होती. मालकाच्या कर्जात आणि दबावाखाली असलेल्या माणसाची ही खुशी कसली, हे उघड होते. मुंबईत कायदा संमत झाला तेव्हा मालक सावध झाले. तलाठ्याच्या दप्तरात नाव चढेपर्यंत कूळ शेतातून गेलेले असायचे.

गेल्या पाऊणशे वर्षांत जगभर जमीन सुधारणेचे जे प्रयोग झाले, ते तपासताना मला हाच प्रश्न निर्णायक वाटतो. कसणाऱ्याचे नाव कोणी, कुठे आणि किती लवकर लिहिले? जिथे ते गावासमोर, झटपट लिहिले गेले तिथे गरिबी हटली. जिथे ते कचेरीवर सोपवले गेले तिथे कायदा पुस्तकात राहिला.

पूर्व आशियाचा धडा

तैवानने १९४९ साली खंडाची कमाल मर्यादा मुख्य पिकाच्या ३७.५ टक्क्यांवर आणली. त्याआधी निम्मे पीक, कधी त्याहूनही जास्त, मालकाकडे जात असे. १९५३ साली ‘कसेल त्याची जमीन’ हा कायदा आला. मर्यादेबाहेरची जमीन सरकारने विकत घेतली. मोबदल्याचा ७० टक्के भाग धान्याशी जोडलेल्या रोख्यांत आणि ३० टक्के भाग सरकारी कारखान्यांच्या समभागांत दिला. जमीनदाराचा पैसा अशा रीतीने उद्योगाकडे वळला. तंट्यांचा निवाडा करणाऱ्या समित्यांवर कुळांचे निवडून आलेले प्रतिनिधी होते. चीनच्या मुख्य भूमीवरून आलेल्या सरकारचे स्थानिक जमीनदारांशी सोयरसंबंध नव्हते, हेही यशाचे कारण. दक्षिण कोरियाने १९५०च्या सुमारास ३ हेक्टरची मर्यादा घालून असाच बदल घडवला. दोन्ही देशांत जमिनीपाठोपाठ खत, पतपुरवठा आणि शाळा गावात पोहोचल्या.

बंगालमधल्या संध्याकाळी

आपल्याला जास्त जवळचे उदाहरण पश्चिम बंगालचे. बर्गादाराला, म्हणजे बटाईदाराला, संरक्षण देणारे कायदे तिथे १९५०च्या दशकापासूनच होते. बदलली ती पद्धत. १९७७ साली डावी आघाडी सत्तेवर आली. विनय चौधरी जमीन सुधारणा मंत्री होते, तर डी. बंद्योपाध्याय त्या खात्याचे आयुक्त. १९७८मध्ये ‘ऑपरेशन बर्गा’ सुरू झाले. अधिकाऱ्यांनी जमीनदाराच्या ओसरीवर बसून चौकशी करणे सोडले. बटाईदार कामावरून परतल्यावर, संध्याकाळी, त्यांच्याच वस्तीत बैठका भरू लागल्या. नावे सगळ्यांसमोर वाचली जात, हरकती तिथेच ऐकल्या जात. एकटा माणूस मालकाविरुद्ध बोलू शकत नाही, पण पन्नास जणांत बसला की बोलतो, हे ओळखणारी ही पद्धत होती.

सुमारे १४ लाख बर्गादारांची नोंद झाली. नोंद झालेल्याला मनमानीने काढता येत नव्हते. खर्च तो स्वतः करत असेल तर पिकाचा तीन चतुर्थांश वाटा त्याचा. मालकी मात्र होती तिथेच राहिली. अभिजित बॅनर्जी, पॉल गर्टलर आणि मैत्रीश घटक यांच्या २००२ सालच्या अभ्यासात या नोंदीमुळे शेतीची उत्पादकता वाढल्याचे दिसले. उथळ कूपनलिका, उन्हाळी भात आणि नव्या पंचायती यांचाही बंगालच्या वाढीत वाटा होता. पण उद्या शेत हातात राहील याची खात्री असल्याशिवाय बटाईदार त्यात पैसा घालत नाही. टिमोथी बेस्ली आणि रॉबिन बर्जेस यांनी भारतातल्या राज्यांची तुलना केली. गरिबी कमी होण्याशी नाते दिसले ते कुळांच्या संरक्षणाचे आणि मध्यस्थ हटवण्याचे. कमाल जमीनधारणेच्या कायद्यांचे फारसे दिसले नाही.

मालकी नसतानाही

व्हिएतनाममध्ये जमीन आजही शासनाची आहे. १९८८ साली सामुदायिक शेतीऐवजी कुटुंबांना जमीन कसायला मिळाली, आणि १९८९मध्ये तो देश तांदूळ निर्यात करू लागला. १९९३च्या कायद्याने वापराचा हक्क विकण्याची, बदलण्याची, भाड्याने देण्याची, गहाण टाकण्याची आणि वारसाला देण्याची मुभा दिली. १९९३ साली ५८ टक्के लोक गरीब होते, १९९८ साली ३७ टक्के. बाजार खुला झाल्याचाही हा परिणाम होता, पण त्याचा लाभ घ्यायला शेतकऱ्याच्या हातात हक्क होता. रवांडात काही वर्षांतच सुमारे एक कोटी तुकड्यांची नोंद झाली. गावातल्याच तरुणांना शिकवून, हवाई छायाचित्रांवर शेजाऱ्यांसमोर हद्दी आखल्या गेल्या. इथिओपियातल्या अम्हारा प्रांतात प्रमाणपत्रावर नवरा-बायको दोघांची नावे आणि छायाचित्रे आली.

या सुधारणांतून सुटलेली माणसेही आहेत. केरळने १९७०पासून कुळपद्धत संपवली, पण ज्यांच्या घामावर शेत उभे होते ते दलित शेतमजूर कूळ नव्हतेच. त्यांच्या वाट्याला फार तर घराखालची काही सेंट, म्हणजे एकराचे काही शतांश, जमीन आली. झिम्बाब्वेत २०००नंतर जमिनी वाटल्या, पण बँकेला चालेल असा कागद शेतकऱ्यांना मिळाला नाही, आणि उत्पादन कोसळले. बायकांचे नाव तर बहुतेक ठिकाणी राहूनच गेले. शरद जोशींच्या शेतकरी संघटनेने ‘लक्ष्मीमुक्ती’ची हाक दिली तेव्हा हजारो शेतकऱ्यांनी पत्नीच्या नावे जमीन केली. शंभर घरांनी हे केले की ते गाव ‘लक्ष्मीमुक्ती गाव’ ठरे. सरकारी आदेशाविना झालेले हे काम देशाने उचलून धरायला हवे होते.

आज आपल्याकडे

महाराष्ट्रात १९७०-७१ साली सरासरी खातेदाराकडे ४.२८ हेक्टर जमीन होती, २०१५-१६ साली १.३४. एवढ्यात घर चालत नाही म्हणून अनेक जण दुसऱ्याची जमीन बटाईने, खंडाने, मक्त्याने करतात. हा व्यवहार तोंडी असतो, कारण मालकाला ‘कूळ लागेल’ अशी धास्ती असते. काल ज्या कायद्याने कुळाला मालक केले, त्याच्या भीतीने आजचा कसणारा कागदावरून नाहीसा झाला आहे. पीककर्ज, विमा, नुकसानभरपाई हे सगळे सातबाऱ्यावरच्या नावाने मिळते. गारपीट होते कसणाऱ्याच्या पिकावर आणि पैसे जमा होतात मालकाच्या खात्यावर. कसणारा गेला तर त्याच्या विधवेला ती शेती तो करत होता हेही सिद्ध करता येत नाही.

वाट अडलेली नाही. आंध्र प्रदेशने २०११ साली कायदा करून, मालकीला धक्का न लावता, कसणाऱ्याला कर्जपात्रतेचे कार्ड दिले. तिथेही बँकांनी हात आखडता घेतला, पण सुरुवात झाली. नीती आयोगाने २०१६ साली जमीन भाडेपट्ट्याचा आदर्श कायदा राज्यांपुढे ठेवला. महाराष्ट्राने मालकाला निर्धास्त करणारा आणि कसणाऱ्याला हंगामापुरती का होईना ओळख देणारा कायदा करावा. ती नोंद ग्रामसभेत, सर्वांसमोर व्हावी, आणि शेतात राबणाऱ्या बाईचे नाव तिच्यात आधी असावे. गावाकडे ज्यांची जमीन आहे आणि ती दुसरे कोणी कसते आहे, अशा प्रत्येक वाचकाला माझी विनंती आहे : सरकारची वाट न पाहता त्या माणसाशी लेखी करार करा.