टक्के नेमके कशाचे?

स्पर्धा परीक्षेतलं नेहमीचं गणित: यादीतल्या ८० टक्के मतदारांनी मतदान केलं, त्यातली १० टक्के मतं बाद झाली. उमेदवार दोनच, वैध मतांपैकी ५५ टक्के मिळवणारा ९,००० मतांनी जिंकला. यादीत मतदार किती?

घाईत सगळे टक्के एकाच संख्येवर काढले जातात आणि उत्तर फसतं. इथे तर पाया दोनदा बदलतो! म्हणून शेवटाकडून मागे या. ५५ वजा ४५, फरक १० टक्के. तो ९,००० असेल तर वैध मतं ९०,०००. हे एकूण मतदानाचे ९० टक्के, म्हणजे मतदान १,००,०००. यादी १,२५,०००.

‘कशाचे?’ हा प्रश्न खऱ्या निवडणुकीतही येतो: लोकसभा-विधानसभेत अनामत वाचवायला पराभूत उमेदवाराला एक षष्ठांशाहून जास्त मतं लागतात, तीही वैध मतांच्या. ‘नोटा’ त्यात धरत नाहीत.